फिल्ममध्ये नसलेला माणूस

प्रिय सलिल,

प्रिय लिहिलं आणि पेन ठेवून चहा करायला उठले. तुला आता काय म्हणायचं हे ठरवायची वेळ इतक्या वर्षांत आलीच नव्हती. परत येऊन बघितलं तर शब्द कागदावर तसाच होता, म्हणून राहू दिला. तुझ्या बायकोने, निहारिकाने, तुझा नवा नंबर दिलाय मला. पण हे फोनवर सांगायला घेतलं तर मी मध्येच गप्प होईन, आणि तू "हॅलो, हॅलो, रेंज जातेय का तुझी" करत बसशील. कागदावर गप्प झालं तरी कुणाला कळत नाही.

मी गेल्या वर्षापासून इथे ऑस्ट्रेलियातच, वॉलॉंगॉंगला आहे. युनिव्हर्सिटीत कॉन्ट्रॅक्टवर ट्यूटोरियल्स घेते. एका ग्रीक आजीच्या घरामागे ग्रॅनी फ्लॅट मिळालाय. तिच्या अंगणातून एका बाजूला पोर्ट केम्बलाच्या स्टील कारखान्याची धुराडी दिसतात, दुसऱ्या बाजूला डोंगराची हिरवी भिंत. पाऊस पडून गेला की त्या डोंगरावरून कुजलेल्या पानांचा वास खाली येतो, अगदी आपल्या काँगोतल्या रिसर्च स्टेशनसारखा. पहिल्यांदा आला तेव्हा मी लिंबाच्या झाडाखाली उभी राहून नुसती हुंगत राहिले. आजीला वाटलं गॅस लीक झालाय, तिने धावत जाऊन शेगडी बंद केली. युनीतली मुलं चांगली आहेत. "हाऊ वॉज आफ्रिका?" विचारतात, मी सुट्टीवरून आल्यासारखं. मी "गुड" म्हणते आणि स्लाइड पुढे सरकवते.

तुझे व्हिडिओ बघितले मी. स्कोफिल्ड्सच्या नव्या घरांचे, ड्रोनवरून घेतलेले. सगळी छपरं एका रंगाची, सगळी झाडं गुडघ्याएवढी. एका व्हिडिओत कॅमेरा हळूहळू खाली येतो आणि मागच्या अंगणात कपडे वाळत घालणाऱ्या एका बाईवर क्षणभर रेंगाळतो. ते बघून खाली नाव कुणाचं आहे ते वाचायची गरज उरली नाही. तू बरा आहेस, घर आहे, मुलगी आहे, हे बघून मला खरंच बरं वाटलं. आपलं काय झालं त्यावर मी लिहिणार नाही. तू थकला होतास, तिसऱ्यांदा मलेरिया झाला होता, आणि मी थकले नव्हते. त्यात कुणाचं काही चुकलं असं मला आजही वाटत नाही.

मला कासेरेकाबद्दल लिहायचंय. तुला त्याच्याबद्दल काय सांगणार मी, तूही त्याच्याबरोबर चार वर्षं चाललास. पण माझ्याभोवती आता त्याला ओळखणारं एकही माणूस नाही. आजीला सांगून बघितलं, तिने माझा हात थोपटला आणि भोपळी मिरचीची भाजी आणून दिली. तेव्हा थोडं तुझ्याजवळ बोलू दे.

तू यायच्या आधी, मी पीएचडीला तिथे गेले तेव्हा बाबूच्या कुटुंबाला माणसांची सवय व्हायची होती. स्वाहिलीत बाबू म्हणजे आजोबा, हे ऐकून मला तेव्हा फार मजा वाटली होती. एवढा पाठीवर चांदी चढलेला, दोनशे किलोंचा गोरिला नर, आणि नाव आमच्या चिंचवडच्या पेपरवाल्याचं. रोज सकाळी कासेरेका आम्हाला त्यांच्या आदल्या रात्रीच्या अंथरुणांपाशी नेऊन उभं करायचा, आणि तिथून पुढचा माग. जवळ पोचलो की तो दोनदा घसा खाकरायचा. आम्ही आलोय, लपून आलेलो नाही, एवढंच त्यातून सांगायचं. मग आम्ही खाली बसून पानं ओरबाडायचो, चघळल्याचं नाटक करायचो. बाबू ओरडत अंगावर यायचा, कासेरेका मान खाली घालून बसून राहायचा, आणि त्याच्या पाठीकडे बघत मीही. अडीच वर्षं असं चाललं. एक दिवस बाबूने आमच्याकडे बघितलं, कंटाळल्यासारखी जांभई दिली आणि कूस बदलून झोपला. कासेरेकाने माझ्याकडे बघून हळूच बोट वर केलं. मी तिथेच रडले होते.

मग तू आलास, तो अवजड ट्रायपॉड घेऊन. पहिल्याच दिवशी बाबूला कॅमेरा आवडला नाही. तो आला तेव्हा तू कासेरेकाच्या मागे जाऊन त्याचा शर्ट धरला होतास. आणि संध्याकाळी स्वयंपाकघरात त्याने ती गोष्ट सगळ्यांना करून दाखवली, आधी बाबू होऊन, मग तू होऊन. तुझं नाव त्याला कधीच नीट घेता आलं नाही. सालिली, सालिली. दुसऱ्या वर्षी बाबूच्या कळपातल्या नीमाला पिल्लू झालं. तिच्या पोटाला चिकटलेला तो केसांचा गोळा बघून तू म्हणालास, "अरे, काय चिंगी आहे." कासेरेकाने विचारलं, हे नाव आहे का. तू म्हणालास, हो. आणि त्याने त्या दिवशीच्या नोंदीत तेच लिहून टाकलं. पुढे आपल्या फिल्ममध्ये तो भारदस्त इंग्रजी आवाज "लिटल चिंगी" म्हणाला तेव्हा माझी आई चिंचवडला टीव्हीसमोर बसून हसून हसून बेजार झाली होती.

फिल्ममध्ये कासेरेका नाही. चॅनेलचं म्हणणं होतं की माणसं काढा, बघणाऱ्याला आपण जंगलात एकटेच आहोत असं वाटलं पाहिजे. मलाही तेव्हा ते पटलं होतं. त्याचा एक हात तेवढा राहिला, सुरुवातीला पानं बाजूला करणारा. स्टेशनवर आपण चादर बांधून ती दाखवली तेव्हा तो हात आला आणि सगळं गाव ओरडलं, "म्कोनो, म्कोनो", हात, हात. त्या संध्याकाळी तो उजवा हात उंच धरूनच फिरत होता. लोक येऊन हस्तांदोलन करत होते. त्याची मुलगी फुराहा तेव्हा शाळेत जात होती, ती त्याच्या दुसऱ्या हाताला लोंबकळत होती.

तू गेल्यावरही तिथे बरीच वर्षं चांगली गेली. चिंगी मोठी झाली, नीमापासून लांब बसायला लागली. बाबू म्हातारा झाला. कासेरेकाची दाढी पांढरी झाली. मग गेल्या वर्षाच्या सुरुवातीला लढाई आमच्या बाजूला सरकली. काँगोच्या पूर्वेकडे ती कुठे ना कुठे असायचीच, तुला माहीत आहे, आम्ही तिच्याकडे हवामानासारखं बघायला शिकलो होतो. पण ह्या वेळी रस्ताच बंद झाला. परदेशी लोकांना काढायला एक छोटं विमान आलं. कासेरेकाने माझी बॅग धावपट्टीपर्यंत आणली. मला वाटलं होतं काही आठवड्यांचा प्रश्न आहे. तो म्हणाला, बाबूला खोकला आहे, मी लक्ष ठेवतो. मी म्हटलं, मास्क लावून जा. आमचं शेवटचं समोरासमोरचं बोलणं हे. विमानात जागा होत्या, सलिल. रिकाम्या. मी पायलटला विचारलं. त्याने हातातला कागद दाखवला, त्यावर नावं होती.

इथे आल्यावर मी काय काय केलं ते सांगायला लाज वाटते, इतकं ते कुचकामी होतं. दूतावासाला लिहिलं, मदत संस्थांना लिहिलं, चॅनेलला लिहिलं. सगळ्यांनी उत्तरं दिली, कुणी उद्धटपणे वागलं नाही. आमच्या सद्भावना तुमच्यासोबत आहेत, परिस्थितीवर लक्ष आहे, हे आमच्या कक्षेत येत नाही. एका भल्या माणसाने अर्धा तास फोनवर घालवला आणि शेवटी म्हणाला, "आय विश आय कुड डू समथिंग, मेट." त्याच्या आवाजात मला माझाच आवाज ऐकू आला. मी त्याला "नो वरीज" म्हटलं.

कासेरेका मात्र जंगलात जात राहिला. कुणी सांगितलं नव्हतं. सकाळी टेकडीवर त्याला रेंज मिळायची, तेव्हा इथे दुपार सरलेली असायची, आणि माझ्या फोनवर त्याचा आवाज यायचा. सगळे दिसले. बाबूचा खोकला कमी आहे. आज चिंगी बांबूत होती. कधी तीन-तीन दिवस काही यायचं नाही, मग एकदम दोन-चार निरोप. मी ट्यूटोरियल घेत असताना फोन टेबलावर पालथा ठेवायचे आणि अधूनमधून उलटा करून बघायचे. मुलांना वाटायचं माझं कुणी हॉस्पिटलमध्ये आहे.

जूनमध्ये सिडनीच्या टूनगॅबीहून चित्रलेखाताईंचा फोन आला. तिथल्या मराठी मंडळाचं सगळं त्याच बघतात. मुलांसाठी आपली फिल्म दाखवायची, नंतर मी थोडं बोलायचं, असा बेत होता. मी नाही म्हणायला हवं होतं, पण मला वाटलं, निदान त्या निमित्ताने कुणाला तरी सगळं सांगता येईल. शनिवारी दुपारच्या ट्रेनने निघाले. समुद्र उजव्या हाताला, ऊन, समोर एक बाई पाय वर घेऊन झोपलेली. आणि कासेरेकाचा निरोप आला. चिंगीच्या मनगटात तारेचा फास आहे. कुणी तरी हरणासाठी लावलेला असणार, तिने ओढून तोडला, पण तार हातात रुतलीय. ती हात छातीशी धरून बसलीय, बाबू कुणाला जवळ येऊ देत नाही. शेवटी, नेहमीसारखी डॉक्टरची डोक्ता करत, त्याने विचारलं होतं, "डोक्ता, मी काय करू?"

तुला माहीतच आहे काय करायचं असतं. जनावरांचे डॉक्टर हवेत, भुलीची बंदूक हवी, बाबूला थोपवून धरायला सात-आठ माणसं हवीत. ते सगळे सीमेपलीकडे अडकलेले. मी त्यांच्यातल्या एकाला ट्रेनमधूनच फोन लावला. तो म्हणाला, कधी तार आपोआप सैल होते, कधी हात गळून पडतो, कधी विष अंगात भिनतं. आपण काही करू शकत नाही, मयूरा. तेवढ्यात बोगदा आला. बोगदा संपल्यावर मी कासेरेकाला बोलून पाठवलं, जवळ जाऊ नकोस, काहीही करू नकोस, लांबून बघ आणि घरी जा. मध्ये दुसरा बोगदा आला, निरोप जाईना, मी तो पुन्हा पुन्हा पाठवत राहिले. सेंट्रलला पोचेपर्यंत त्याचं उत्तर आलं होतं. "सावा, डोक्ता." ठीक आहे.

आणि मग मी टूनगॅबीच्या हॉलमध्ये उभी राहून फिल्म दाखवली. समोसे आले होते, मुलं जमिनीवर सतरंजीवर बसली होती. तो तुझा शॉट आला, चिंगी पहिल्यांदा छाती पिटायला उभी राहते आणि तोल जाऊन मागे पडते. सगळा हॉल हसला. मी भिंतीला टेकून पडद्यावरचे तिचे हात बघत होते. दिवे लागल्यावर मुलांनी विचारलं, गोरिला काय खातात, तुम्हाला भीती वाटली का. मग पुढच्याच रांगेतली एक मुलगी, दोन वेण्या, पुढचा एक दात पडलेला, म्हणाली, "बट व्हेअर इज चिंगी नाऊ? इज शी ओके?"

त्यांच्या डोक्यात चिंगी अजून पिल्लूच होती. मी म्हटलं, ती आता मोठी झालीय, माझ्या मित्राने तिला आजच बघितलं. ती म्हणाली, "सो शी इज ओके?" खोटं बोलायला एक शब्द पुरला असता. तोही जमला नाही आणि खरंही सांगता आलं नाही. कुणी तरी खुर्ची सरकवली. चित्रलेखाताई घाईने उठून म्हणाल्या, "चला, मयूराताई लांबून आल्यात, आता त्यांना खाऊ तरी द्या की रे." नंतर एका आईने मला बाजूला घेऊन सांगितलं, लहान मुलांना हो म्हणायचं असतं हो. बरोबरच होतं तिचं.

चहाच्या टेबलापाशी निहारिका आली तेव्हा मला कळलं की ती वेण्यांची मुलगी तुझी मिताली. निहारिका फार सरळ बोलली. म्हणाली, सलिलला सांगून आलोय, तो नको म्हणाला नाही आणि आलाही नाही. तो ही फिल्म घरी कधीच लावत नाही, मितालीला तिचा बाबा गोरिलांमध्ये राहायचा हे आजीकडून कळलं. मिताली माझ्याकडे बघत उभी होती, हातात अर्धा समोसा. मला तिला जवळ घ्यावंसं वाटलं, पण हिंमत झाली नाही. निहारिकाने मला स्टेशनपर्यंत सोडलं. उतरताना म्हणाली, काही लागलं तर सांगा. असं सगळेच म्हणतात, पण तिने गाडीतून उतरून माझा हात धरून सांगितलं.

त्यानंतर आठवडाभर कासेरेकाचे निरोप आले. चिंगी दिसली, हात सुजलाय. चिंगी दिसली, मागे राहते. कळप लांब सरकलाय. मग काही आलं नाही. आधी मी म्हटलं टॉवर पडला असेल. मग म्हटलं फोन बिघडला. महिना गेला, दोन गेले. युनीत नवीन सेमिस्टर सुरू झालं. मी मुलांना संवर्धनाच्या यशाची उदाहरणं शिकवत होते, अभ्यासक्रमात तसं होतं. एका मुलाने विचारलं, तुमच्या प्रोजेक्टला तुम्ही यश म्हणाल का. मी म्हटलं, चांगला प्रश्न आहे, पुढच्या आठवड्यात बोलू. पुढच्या आठवड्यात तो विसरला होता.

गेल्या महिन्यात एका अनोळखी नंबरवरून फोन आला. फुराहा. तुझ्या डोळ्यांसमोर ती दहा वर्षांची असेल, आता तिला स्वतःचं बाळ आहे. ती, तिची आई, धाकटी भावंडं युगांडाच्या हद्दीतल्या एका छावणीत आहेत. उसन्या फोनवरून बोलत होती, म्हणून भरभर बोलली. हत्यारबंद माणसं गावात आली. त्यांना जंगलातून पलीकडे जायचं होतं, वाटा ठाऊक असलेला माणूस हवा होता. गावाने नाव सांगितलं नाही, पण कुठल्या घरासमोर चिखलाचे बूट वाळत असतात ते त्यांना दिसलंच. त्याला आणि आणखी दोघांना घेऊन गेले. त्यातला एक बऱ्याच दिवसांनी परत आला. त्याने एवढंच सांगितलं की नदीपर्यंत कासेरेका बरोबर होता, तापाने फणफणला होता, चालवत नव्हतं. पुढचं त्याने सांगितलं नाही. फुराहाच्या आईने फार विचारल्यावर म्हणाला, आता वाट बघू नका.

त्यांनी त्याच्यासाठी प्रार्थना केली. पुरायला काही नव्हतं.

मी फुराहाला विचारलं, मला विचारायचं नव्हतं तरी विचारलं, की फासाचा निरोप आला त्या दिवशी तो काय म्हणाला होता. ती म्हणाली, बाबा जंगलातून आले, बूट काढले, जेवले नाहीत. आईने विचारलं तर म्हणाले, डोक्ताने नको म्हटलंय. आणि बसून राहिले. बघ सलिल, त्याने माझं ऐकलं. तो चिंगीजवळ गेला नाही, बाबूने त्याला काही केलं नाही, जंगलाने त्याला काही केलं नाही. मी त्याला तिथे सांभाळलं, आणि तो स्वतःच्या अंगणातून गेला. चिंगीचं काय झालं ते कुणालाच माहीत नाही. बघायला आता कुणी जात नाही.

फुराहाने एकच गोष्ट मागितली. घर जळालं, फोटो गेले, फोन गेला. बाबांचं काही आहे का तुझ्याकडे. मी लगेच त्याचे सगळे निरोप तिला पाठवले. दोन दिवसांनी तिचा फोन आला. म्हणाली, आईने ऐकले आणि फोन बाजूला ठेवायला सांगितलं. हा शेवटचा आवाज आहे, दमलेला. हा आम्हाला पाठच आहे. याच्या आधीचे बाबा नाहीत का कुठे? मी फोटो शोधले. त्यांत तो कुठे तरी कडेला उभा आहे, टोपीची सावली तोंडावर. मग तिला फिल्म पाठवली. तिने आभार मानले. हात दिसला म्हणाली.

म्हणून हे पत्र. त्या दिवशी गाडीत निहारिका बोलता बोलता म्हणाली होती की तुमच्या गॅरेजमध्ये हार्ड डिस्कचं एक खोकं आहे, तू ते उघडत नाहीस आणि कुणाला हलवूही देत नाहीस. चॅनेलने घेतलं ते घेतलं, बाकीचं सगळं तुझ्याकडेच असणार. ते उघडशील का? मला गोरिला नकोत. तो नदीत ट्रायपॉड डोक्यावर घेऊन उभा असेल, तुला आकडे शिकवत असेल, कुणाची तरी नक्कल करत असेल, मागे कुठे तरी नुसता चालत गेला असेल, काहीही. डिस्क चालू होत नसतील तर युनीत एक माणूस आहे, मी ट्रेनने येऊन घेऊन जाईन, घरात येणार नाही, दारातूनच. गोरिला झाडीत गेले की काम संपायचं, आणि तरी तू कॅमेरा बंद करायचा नाहीस. आम्ही सामान आवरत, डबे उघडत असायचो आणि तुझा लाल दिवा चालूच. बॅटरी संपेल म्हणून मी किती वेळा ओरडले तुझ्यावर, बंद कर, बंद कर म्हणून. तेव्हा तू माझं ऐकलं नसशील, एवढीच आशा धरून बसलेय.

उत्तराची वाट बघणारी,
तुझी मयूरा